फर्सी, फरशी आणि गाडीचा विमा

आम्ही गाडी घेऊन नेपाळला गेलो त्याचं खरं कारण अक्काचे गुडघे.

अक्का म्हणजे माझी थोरली बहीण. पैठणला दिलेली. तिच्या मनात बरीच वर्षं मुक्तिनाथ होतं. तिच्या भजनी मंडळातल्या बायका यात्रेच्या बसनं जाऊन आल्या, येताना रुद्राक्षाच्या माळा घेऊन आल्या, आणि प्रत्येकीनं अक्काला एकेक माळ दिली. माळांचा ढीग झाला, पण अक्का काही जाऊ शकली नाही. बसच्या सीटवर तास-दोन तास बसलं की तिचे गुडघे असे अडकत की उतरवायला दोघं लागत.

एका रविवारी ती आणि दाजी आमच्याकडं जेवायला आले होते. वरणभात कालवता कालवता दाजी म्हणाले, "आपली गाडी काढू की. चौघं निवांत जाऊ. वाटंल तिथं थांबू. नेपाळ म्हणजे काय फॉरेन हाय व्हय?"

यातली 'आपली गाडी' म्हणजे आमची. दाजींची मोसंबीची बाग आहे, आणि त्यांची स्वतःची गाडी मोसंबीचे क्रेट वाहून इतकी दमलेली होती की पैठणहून शहरापर्यंत येतानाही ते तिची समजूत काढत काढत येत.

आमची गाडी मात्र नव्यासारखी. कारण ती माझ्या नवऱ्याची. वाळूजच्या एका कारखान्यात तो आयुष्यभर क्वालिटी विभागात होता. तो निवृत्त झाला, पण क्वालिटी विभाग काही त्याच्यातून निवृत्त झालेला नाही. पोळी पानात पडली की तो आधी ती उलटून बघतो. लग्नानंतर पहिल्या वर्षी मला याचा राग यायचा. पुढं कळलं की हा देवळात गेला तरी आधी कळस सरळ आहे का ते बघतो, मग हात जोडतो.

दाजींचा प्रस्ताव ऐकत त्यानं जेवण संपवलं. हात धुऊन आला आणि म्हणाला, "आणि विम्याचं काय?"

"कशाचा विमा?"

"गाडीचा. आपली पॉलिसी तिकडं लागू आहे का?"

दाजी माझ्याकडं वळले. "मेव्हणीबाई, हे आमचे साडू लग्नाच्या मांडवातबी गॅरंटी कार्ड मागत होते का वो?"

"मागितलं होतं," मी म्हणाले. "तुमच्या सासऱ्यांनी दिलं नाही."

दाजी लई हसले. पण दुसऱ्याच दिवशी नवऱ्यानं मला स्कूटरवर मागं बसवलं आणि औरंगपुऱ्यात नेलं.

तिथं एका वह्यापुस्तकांच्या दुकानावर आमच्या विमावाल्या बाईंचं ऑफिस आहे. बाई माझ्या नवऱ्याच्या शाळेतल्या, एकाच वर्गातल्या. त्यामुळं सगळी कॉलनी ज्याला साहेब म्हणते त्याला त्या "अरे, बस ना" म्हणतात. मला त्या त्यासाठीच आवडतात.

"बरं झालं आलास," त्या म्हणाल्या. "लोक जाऊन येतात आणि मग विचारतात. आपली साधी पॉलिसी भारताच्या हद्दीपुरती. सीमा ओलांडली की ती घरी राहिली असं समज. पण नेपाळ, भूतान अशा शेजारच्या देशांपुरती ती वाढवून मिळते. थोडा जादा हप्ता भरायचा, पॉलिसीला तशी पुरवणी जोडून येते. तेवढी बरोबर ठेव."

नवऱ्यानं मग प्रश्न विचारायला सुरुवात केली. दरड कोसळली तर? माकडानं आरसा तोडला तर? गाडी नेपाळात बंद पडली आणि ढकलत भारतात आणताना अर्धी इकडं अर्धी तिकडं असताना कुणी धडकलं तर?

बाईंनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. "अरे, तू जाणारेस की नाहीस?"

निघायच्या आदल्या दिवशी दाजी नि अक्का मुक्कामाला आले. नवऱ्यानं सगळे कागद एका प्लास्टिकच्या फोल्डरमध्ये लावले होते. दाजींनी फोल्डर हातात घेऊन त्याचं वजन केल्यासारखं केलं. "तिथं हिंदी चालतं, आपलं चलन चालतं, आपला महादेव चालतो. मग आपला विमाच का नाय चालायचा? आन् अपघात व्हायचाच असंल तर इथून सोयगावला जाताना व्हईल. नेपाळापर्यंत कशाला थांबंल?"

"बोलू नका तसलं," अक्का म्हणाली आणि गाडीच्या चाकाखाली लिंबू ठेवलं. तो तिचा विमा.

जबलपूर, प्रयागराज, गोरखपूर असे मुक्काम करत आम्ही सोनौलीच्या सीमेवर पोचलो. वाटेत दाजींनी प्रत्येक राज्यातल्या पिकांवर मत दिलं आणि माझ्या नवऱ्यानं प्रत्येक थांब्यावर टायरमधली हवा तपासली. अक्का मागच्या सीटवर आडवी पाय पसरून बसली होती आणि माहेरी आल्यासारखी खूश होती.

सीमेवर गाडीचा परवाना काढायचा होता. खिडकीतल्या साहेबानं कागद बघितले, परत बघितले आणि विचारलं, "गाडी कुठली आहे?"

"छत्रपती संभाजीनगर," नवरा म्हणाला.

"लायसन्सवर औरंगाबाद लिहिलंय. पॉलिसीवर दुसरंच लिहिलंय. दोन गावं आहेत का?"

नवऱ्यानं घसा साफ केला. त्याला प्रश्न आवडला होता. शासनानं नाव कधी बदललं, जुन्या कागदांवर जुनं का राहतं, नव्यावर नवं कसं येतं, हे तो आपल्या कारखान्यातल्या हिंदीत समजावून सांगायला लागला. मागची रांग गरम व्हायला लागली. तेवढ्यात दाजी पुढं झाले.

"साहेब," ते म्हणाले, "आपके इधर लडकी का नाम शादी के बाद बदलता है के नै?"

"बदलता है."

"लडकी तो वोइच रैती ना? बस. वैसाच समझो."

साहेब हसला आणि त्यानं शिक्का मारला. नवरा गाडीत येऊन बसला. त्याचं अजून निम्मं सांगायचं राहिलं होतं.

बुटवल मागं पडलं आणि घाट सुरू झाला. इथून पुढं नवऱ्यानं स्टिअरिंग कुणाच्याच हाती दिलं नाही. दाजी वळणावर हॉर्न वाजवण्याऐवजी खिडकीतून हाक मारतात, हे त्यानं आधीच हेरलं होतं. एका बाजूला डोंगर, दुसऱ्या बाजूला खोल दरी. दरीत पायऱ्यापायऱ्यांची शेतं. दाजी पुन्हा पुन्हा म्हणत होते, "एवढ्याशा वाफ्यात नांगर वळवत असतील कसा?"

सकाळचं ऊन चढत होतं, तेव्हा आम्ही रस्त्याकडेच्या एका घराशी चहाला थांबलो. मातीचं, लाल-पांढऱ्या रंगानं सारवलेलं घर. पुढं लहानसं अंगण, आणि अंगणाला रचीव दगडांची कमरेएवढी भिंत. भिंतीवर ओळीनं लाल भोपळे वाळत ठेवलेले. घरातली बाई साधारण आमच्याच वयाची, भिंतीला टेकून काहीतरी निवडत बसली होती. तिनं आम्हाला बघून हात जोडले आणि चहा टाकायला आत गेली.

आम्ही खाली उतरलो. एवढ्यात वळणावरून एक ट्रक आला. आमची गाडी त्याच्या वाटेत जरा पुढं आलेली. नवरा परत गाडीत बसला, मागं घ्यायला. दाजी रस्त्याच्या मधे उभे राहिले आणि हात हलवत ओरडायला लागले, "येऊ द्या! येऊ द्या! येऊ द्या!"

गाडी मागं आली. येतच राहिली. मग धाडदिशी आवाज झाला. भिंत पोटात गुद्दा बसल्यासारखी वाकली आणि खाली बसली. भोपळे सुटले. दोन-तीन तिथंच फुटले, बाकीचे अंगणातून उतारावर, उतारावरून खालच्या शेतात उड्या मारत गेले. अक्का तोंडाला पदर लावून उभी होती. मला वाटलं घाबरली. पण ती हसत होती.

नवरा उतरला. डिकी आत गेली होती, मागचा दिवा फुटला होता. त्यानं त्याकडं एकदा बघितलं आणि दाजींकडं वळला.

"तुम्ही येऊ द्या म्हणत होतात!"

"मी ट्रकला म्हणत होतो!"

"ट्रकवाल्याला मराठी कळतं?"

"तुम्हाला कळतं म्हणून तर घोटाळा झाला!"

ट्रकवाला, ज्याला मराठी कळत नव्हतं, तो शहाण्यासारखा हळूच निघून गेला.

घरातली बाई धावत बाहेर आली. तिनं भिंत बघितली, उतार बघितला आणि कपाळावर हात मारला. "मेरो फर्सी! मेरो फर्सी!"

"फरशी म्हणतेय," नवरा म्हणाला. आता त्याच्यातला क्वालिटी विभाग जागा झाला होता. फोल्डर बगलेत मारून तो अंगणात शिरला आणि खाली वाकून बघायला लागला. अंगण शेणामातीनं सारवलेलं. फरशीचा पत्ता नाही. त्यानं ओटा बघितला, उंबरा बघितला, चुलीची बाजू बघितली. ती बाई त्याच्या मागं मागं "फर्सी, फर्सी" करत फिरत होती, आणि तो तिला हिंदीत धीर देत होता की ताई, फरशी फुटली असेल तर विम्यातून मिळेल, पण आधी दाखवा कुठंय. आमच्या विम्यात तिसऱ्या माणसाच्या नुकसानीचीही सोय आहे. तुम्ही तिसऱ्या आहात.

मग त्यानं फोल्डर उघडलं. कागद बघितल्याबरोबर ती बाई दोन पावलं मागं सरकली. तिला काय वाटलं ते मला तिच्या डोळ्यांत दिसलं. एवढी मोठी गाडी, परदेशी माणसं, हातात शिक्क्याचे कागद. तिच्या भिंतीनं गाडी मोडली म्हणून आता हे भरपाई मागणार.

शेजारच्या घरातून एक म्हातारे गृहस्थ आले. ते बरीच वर्षं लुधियानात कामाला होते. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "फर्सी मतलब कद्दू, भाईसाब. कद्दू!"

अक्का आता मोठ्यानं हसायला लागली. त्या बाईनं अक्काकडं बघितलं. म्हाताऱ्यांनी तिला नेपाळीत समजावलं की हे मागायला नाही, द्यायला आलेत. तेव्हा तिलाही हसू फुटलं.

फोनला तिथं रेंज नव्हती. वरच्या टेकडीवर मिळते म्हणून म्हाताऱ्यांनी सांगितलं, तसा नवरा आमच्या विमावाल्या बाईंना फोन करायला टेकडी चढून गेला. आम्ही खाली थांबलो. दाजींना मात्र रिकामं बसवेना. त्यांनी एक दगड उचलला, फिरवून बघितला, खाली बसवला. मग दुसरा.

"बांध घालतो तसंच हाय की," ते म्हणाले. "मेव्हणीबाई, त्यो चपटा द्या."

मी दिला. म्हातारेबाबा दुसऱ्या टोकाला बसले. ती बाई खालच्या शेतातून भोपळे गोळा करून आणायला लागली. अक्का वर बसून ते पुसायला लागली. दाजी मराठीत बोलत होते, म्हातारेबाबा पंजाबी वळणाच्या हिंदीत, ती बाई नेपाळीत, आणि भिंत वर येत होती. चुन्याशिवाय, मातीशिवाय, नुसती दगडात दगड अडकवून. दाजींना इतकं आनंदात मी बागेबाहेर कधी बघितलं नव्हतं.

नवरा टेकडी उतरून धापा टाकत आला. "ऐका सगळ्यांनी! बाई म्हणाल्या, कशालाही हात लावू नका. आधी फोटो काढा, मग पोलिसांना कळवा, आणि..."

मग त्याला भिंत दिसली. उभी. भोपळ्यांसकट.

"दाजी! फोटो काढायचा होता!"

"काढा की. आता चांगला येईल."

"पडलेल्या भिंतीचा!"

दाजींनी हातावरची माती झटकली. भिंतीकडं बघितलं, नवऱ्याकडं बघितलं. "मंग परत पाडू का?"

माझ्या नवऱ्यानं क्षणभर खरोखरच विचार केला. मी शप्पथ सांगते, केला.

मग त्यानं मोडक्या डिकीचे फोटो काढले, फुटक्या भोपळ्यांचे काढले. जवळच्या चौकीतून पोलीस आले. त्यांनी आमचं म्हणणं ऐकलं, भिंत हलवून बघितली. "ही पडली होती?" त्यांनी त्या बाईला विचारलं. ती म्हणाली, पडली होती, पण आधी इतकी मजबूत नव्हती. पोलिसांनी मान डोलावून आपल्या भाषेत अहवाल लिहून दिला. भोपळ्यांचे पैसे त्या बाईनं काही केल्या घेतले नाहीत. उलट फुटलेल्या भोपळ्याची भाजी आणि भात करून घातला. भाजीत मेथीदाण्याची फोडणी होती. अक्का अजून तशी करते.

जेवताना मी नवऱ्याकडं बघितलं. तो भात चिवडत होता. मला वाटलं डिकीचं दुःख. मी चेष्टेनं म्हणाले, "अहो, भात उलटून बघितलात का?"

तो हसला नाही. हळू आवाजात म्हणाला, "ती भिंतीला टेकून बसली होती. आपण आलो तेव्हा."

मला आठवलं. तिथंच, बरोबर तिथंच.

"चहा टाकायला आत गेली म्हणून..." तो म्हणाला. त्याचा हात ताटात तसाच राहिला.

दाजी त्याच्या शेजारीच बसले होते. त्यांनी ऐकलं. दाजींच्या जिभेवर एरवी कुणाचीच गय नसते. पण तेव्हा त्यांनी फक्त आपल्या ताटातलं लोणचं उचलून नवऱ्याच्या ताटात ठेवलं. आणि पुढं गावभर ही सगळी गोष्ट रंगवून सांगताना त्यांनी भिंत सांगितली, फरशी सांगितली, "परत पाडू का"ही सांगितलं. हे तेवढं त्यांनी कधीच कुणाला सांगितलं नाही. नवरा गॅरंटी का मागत असतो, हे त्या दिवशी मला जरा कळलं. त्याला वस्तूंची काळजी असते असं आम्ही समजत होतो.

डिकी दोरीनं बांधून आम्ही पोखऱ्याला गेलो. तिथून जीपनं मुक्तिनाथ. अक्कानं देवळामागच्या सगळ्या एकशे आठ धारांखाली पाणी डोक्यावर घेतलं आणि थंडीनं कुडकुडत म्हणाली, "आता गुडघे राहिले काय नि गेले काय."

परत आल्यावर खरी मौज औरंगपुऱ्यात झाली. विमा कंपनीचा सर्व्हेअर बाईंच्या ऑफिसात आला होता. त्यानं डिकी बघितली, फोटो बघितले. भिंतीच्या एकुलत्या एक फोटोत भिंत सणसणीत उभी होती आणि तिच्यापुढं दाजी, अक्का, ती बाई आणि म्हातारेबाबा भोपळे हातात घेऊन हसत होते.

"ही धडकेनंतरची भिंत?" त्यानं विचारलं.

"हो," नवरा म्हणाला.

"आणि हे धडकेचे साक्षीदार?"

"हो."

त्यानं फोटो बाजूला ठेवला आणि पोलिसांचा अहवाल वाचायला घेतला. अक्षर देवनागरी, त्यामुळं बऱ्यापैकी लागत होतं. वाचता वाचता तो थांबला. "साहेब, यातलं साल तर पुढचं आहे. पन्नास वर्षांहून जास्त पुढचं. म्हणजे तुमचा अपघात अजून व्हायचाय."

नवऱ्याचा चेहरा उतरला. त्यानं फोल्डरमध्ये सगळं ठेवलं होतं, पण साल तपासलं नव्हतं. क्वालिटी विभागात आयुष्य काढलेल्या माणसाची नजर चुकली होती. मी तो क्षण डोळे भरून बघून घेतला.

बाईंनी मागच्या भिंतीवरचं पंचांग काढून सर्व्हेअरपुढं ठेवलं. "नेपाळात विक्रम संवत चालतो. सरकारी कागदसुद्धा त्यातच. हे बघा, इथं लिहिलंय. आपल्या इंग्रजी सालात छप्पन-सत्तावन्न मिळवा, जुळतंय." मग माझ्या नवऱ्याला म्हणाल्या, "अरे, शाळेत तू इतिहासात नापास व्हायचास, आता भविष्यात अपघात करायला लागलास."

सर्व्हेअर हसला. त्यानं तशी एक टीप लिहून दिली आणि काही दिवसांनी मंजुरी आली. सगळं नाही मिळालं. प्लास्टिकच्या भागांच्या जुनेपणाची घट कापतात, ती कापली. पण नवी डिकी बसली, नवा दिवा बसला. बातमी द्यायला फोन केला तेव्हा दाजी म्हणाले, "साडूंना म्हणावं, मानलं. पर भिंतीची मजुरी लावली का नाय त्यात?"

गाडी गॅरेजमधून आली त्या दिवसापासून मात्र आमच्याकडं नवंच प्रकरण सुरू झालं. नवी डिकी पांढरी आहे, पण बाकी गाडीसारखी पांढरी नाही, असं नवऱ्याचं म्हणणं. मला फरक दिसत नाही. कॉलनीत कुणालाच दिसत नाही. तो मला सकाळी बोलावतो, दुपारी बोलावतो, कोनातून बघ म्हणतो.

परवा दाजी मोसंबी घेऊन आले. पानं मांडलेली होती, पण नवऱ्यानं त्यांना आधी अंगणात नेलं. मी खिडकीतून बघत होते. दाजींनी डिकी उन्हातून बघितली, सावलीतून बघितली, एक डोळा मिटून बघितली. मग वासाच्या दिशेनं आमच्या स्वयंपाकघराकडं बघितलं.

"व्हय," ते म्हणाले. "जरा दुधाळ हाय."

माझा नवरा इतका समाधानानं आत आला की पोळी न उलटताच जेवला.